कळलावी : फूल डोळ्यांनी पाहा, कंद पोटात नको

नसरापूरहून वेल्ह्याचा रस्ता धरला की गुंजवणीच्या खोऱ्यात मार्गासनी लागते. राजगडला जाणारी मंडळी इथूनच साखर-गुंजवण्याकडे वळतात. पावसाळ्यात या भागात कुंपणांवर, करवंदीच्या जाळीत, रानाच्या कडेला एक वेल चढलेली दिसते. तिचे फूल एकदा पाहिले की विसरत नाही. सहा पाकळ्या, कडा नागमोडी आणि सगळ्या वरच्या बाजूला उलटलेल्या, चुलीत जाळ उठावा तशा. उमलताना हिरवट-पिवळे, मग नारिंगी, शेवटी लालभडक. पानाचे टोक दोऱ्यासारखे वळते आणि शेजारच्या फांदीला विळखा घालते. फूल नसतानाही या एका खुणेवर वेल ओळखता येते.

ही कळलावी. कुठे हिला अग्निशिखा म्हणतात, कुठे वाघनखी, कुठे खड्यानाग. कोकणात काही ठिकाणी हीच फुले ‘गौरीचे हात’ म्हणून गौरीला वाहतात. तमिळनाडूचे हे राज्यफूल आहे आणि आफ्रिकेतल्या झिंबाब्वे देशाचे राष्ट्रीय फूल. एवढा मान असलेले फूल आरोग्याच्या पानावर कशाला, असे कोणी विचारील. त्याचे कारण या वेलीच्या नावातच आहे. कळ लावणारी ती कळलावी. बाळंतपणाच्या कळा लावणारी.

(भांडण लावणाऱ्या बाईलाही आपल्याकडे कळलावी म्हणतात. वेलीचा दोष बाईच्या माथी मारायची आपल्या समाजाची जुनी खोड आहे. पुरुष भांडण लावतो तेव्हा त्याला मात्र नारद म्हणतात!)

या वेलीला जमिनीखाली कंद असतो. दोन फाट्यांचा, नांगरासारखा वाकडा. संस्कृतात हिला लांगली म्हणजे नांगरी म्हणतात ते या आकारावरून. दुसरे एक संस्कृत नाव सरळच आहे : गर्भपातिनी. म्हणजे या कंदाचा उपयोग लोकांना शेकडो वर्षे माहीत होता आणि आयुर्वेदाने त्याची गणना उपविषात केली होती. नाव देणाऱ्यांनी विष म्हणून ठेवले, आपण मात्र औषध तेवढे लक्षात ठेवले.

हा कंद कोण वापरत होते? गावोगावच्या सुइणी. आणि सुईण म्हणून बहुतेक गावांत कोण जात होत्या? आपल्याच समाजातल्या बाया. नाळ कापणे, वार पुरणे, रक्ताचे कपडे धुणे हे विटाळाचे काम, म्हणून ते आपल्या आज्यांच्या वाट्याला टाकले होते. बाळ जन्माला घालताना हात चालत होता, पण नंतर त्याच हाताचे पाणी चालत नव्हते. दवाखाना वीस-पंचवीस मैलांवर, रस्ता नाही, गाडी नाही. अशा वेळी अडलेल्या बाईला सोडवायला त्या माउल्यांकडे दोन हात, थोडे तेल आणि रानातली मुळी एवढेच होते. त्यांनी कितीतरी बाया सोडवल्या हे आम्ही अभिमानाने सांगतो. त्यांच्या हातात होते ते त्यांनी वापरले. आज आपल्या हातात दुसरे काही आहे, आणि तरीही तीच मुळी वापरली जाते, याची आम्हाला काळजी वाटते.

कोणी कंद उगाळून बेंबीभोवती आणि तळपायाला लेप देतात. कोणी दोऱ्यात ओवून कमरेला बांधतात. बाळ बाहेर येताच तो ताबडतोब सोडायचा, नाहीतर आतले सगळे ओढून काढील, अशी भीतीही घालतात. नुसता बांधलेला कंद फारसे काही करत नाही, पण तो बांधून वाट पाहण्यात जे चार-सहा तास जातात ते आईला आणि बाळाला महागात पडतात. बाळ आडवे असेल, आईचे कमरेचे हाड अरुंद असेल, वार खाली असेल, तर कोणतीही मुळी ते सरळ करत नाही. दवाखान्यात कळा वाढवण्याचे इंजेक्शन देतात तेव्हा थेंब मोजून देतात, बाळाचे ठोके ऐकत देतात, आणि गरज पडली तर पोटातून बाळ काढायची तयारी ठेवून देतात. कंदात विष किती आहे हे कोण मोजणार? एका कंदात कमी, दुसऱ्यात जास्त.

खरा धोका पोटात घेण्याचा आहे. दिवस गेलेले नको आहेत, घरात सांगायची सोय नाही, मग कोणीतरी मावशी, कोणी आत्या कानात सांगते, “गावाकडून मुळी मागवते, कुणाला कळणार नाही.” पुण्यात पर्वतीच्या पायथ्याच्या वस्त्यांत वेल्ह्या-भोरची कितीतरी घरे आहेत. गावाकडून तांदूळ येतात, नाचणी येते, तशी कधी पदराच्या गाठीला बांधून मुळीही येते.

या कंदात आणि बियांत कोल्चिसिन नावाचे द्रव्य असते. १८२० साली फ्रान्समधल्या पेल्टिए आणि कावाँतू या दोन शास्त्रज्ञांनी कळलावीच्या युरोपातल्या एका भाऊबंदातून ते प्रथम वेगळे काढले. आज ते गोळीच्या रूपात मिळते, संधिवाताच्या गाउट नावाच्या प्रकारावर डॉक्टर देतात. त्या गोळीत ते अर्धा मिलिग्रॅम असते. मिठाच्या खड्याहूनही कितीतरी कमी. एवढ्याशा मात्रेचे औषध आणि उगाळलेला कंद यांची तुलनाच होत नाही.

आपल्या शरीरात रोज जुन्या पेशी मरतात आणि एका पेशीच्या दोन होऊन नव्या तयार होतात. कोल्चिसिन हे दोन होणेच थांबवते. जिथे पेशी सगळ्यांत वेगाने वाढतात तिथे आधी घाव बसतो : आतड्यांचे अस्तर, हाडांतला मगज जिथे रक्त तयार होते, आणि केसांची मुळे. हे ध्यानात ठेवले की पुढची सगळी लक्षणे आपोआप समजतात.

खाल्ल्यावर पहिले काही तास काहीच होत नाही. दोन तास, सहा तास, कधी त्याहूनही जास्त. त्यामुळे खाणारीला वाटते पचले. मग तोंडाची, घशाची आग, उलट्या, पोटात मुरडा, पाण्यासारखे जुलाब, कधी रक्त पडते. पोटात जी कळ येते ती बहुतेक आतड्यांची असते. घरच्यांना वाटते औषध लागू पडले. गर्भ पडेलच असे नाही, आई मात्र जाऊ शकते.

दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी उलट्या-जुलाब कमी होतात. इथेच फसगत होते. आतड्यांचा दंगा शमला म्हणजे विष उतरले असे नाही. त्याच दिवसांत रक्तातल्या पांढऱ्या पेशी आणि प्लेटलेट घटू लागतात, लघवी कमी होते, श्वास चढतो, हृदयाचा ठोका बिघडतो. खाल्ल्यापासून पहिला आठवडा जिवावरचा असतो. यातून बाहेर पडले की दोन-तीन आठवड्यांनी डोक्याचे केस झुबक्यांनी गळतात. ते पुन्हा येतात.

आम्ही रुग्णालयात नोकरीला होतो तेव्हाची एक केस सांगतो. एकोणीस-वीस वर्षांची मुलगी उलट्या-जुलाबाने दाखल झाली. घरच्यांनी सांगितले, लग्नातले शिळे खाल्ले. सलाइन लागले, दुसऱ्या दिवशी जुलाब थांबले. घरचे डिस्चार्ज मागू लागले, रोजंदारी बुडत होती. तिसऱ्या दिवशी रक्ताचा रिपोर्ट आला आणि डॉक्टर चक्रावले, शिळ्या अन्नाने असे होत नाही. आमच्यातल्या एकीने तिच्या आत्याला जिन्यापाशी नेऊन विचारले, “आत्या, हिला काय दिलंत? आम्ही कुणाला शिव्या देणार नाही.” आत्या बराच वेळ पदराशी चाळा करत राहिली. मग म्हणाली, “कळलावी दिली हो सिस्टर. एवढीशीच.” तिला ताबडतोब अतिदक्षता विभागात हलवले. ती वाचली. पण ते तीन दिवस तपास एका दिशेला आणि विष दुसऱ्या दिशेला चालले होते.

आत्याने का लपवले? वॉर्डात कोणी टाकून बोलेल म्हणून. पोलीस येतील म्हणून. वस्तीत बभ्रा होईल म्हणून. ही भीती खोटी नाही. विषबाधेची केस रुग्णालय पोलिसांना कळवते, हे खरे आहे. गरोदर बाईला, त्यातून ती बिनलग्नाची असेल तर, कसे बोलतात हे आम्ही वॉर्डात उभे राहून ऐकले आहे. पण पोलिसांची नोंद होते म्हणून उपचार थांबत नाहीत आणि थांबवता येत नाहीत. लपवल्याने मात्र तास जातात.

या विषावर उतारा म्हणून सहज मिळणारे इंजेक्शन आपल्याकडे नाही. लवकर पोहोचले तर डॉक्टर पोटातले विष शोषून घेणारा कोळसा देतात, सलाइन, रक्त, प्लेटलेट देऊन शरीराला त्या आठवड्यातून तरून नेतात. म्हणून लवकर पोहोचणे आणि खरे सांगणे हाच उतारा.

कळलावी वाईट आणि डॉक्टरांचे औषध चांगले, असे सरसकट आम्ही म्हणत नाही. हिमालयात देवदार आणि सुचीपर्णी झाडांच्या सावलीत वनककडी नावाचे एक रानफूल उगवते. काश्मीरपासून सिक्कीमपर्यंत, बर्फ वितळले की जमिनीतून वर येते, पांढरे-गुलाबी फूल आणि मागून तांबडे फळ. तिच्या मुळातले विष कळलावीसारखेच पेशीचे दोन होणे थांबवते. शास्त्रज्ञांनी त्या विषात फेरफार करून इटोपोसाइड हे कॅन्सरवरचे औषध केले. फुप्फुसाच्या आणि अंडकोशाच्या कॅन्सरमध्ये ते देतात. कॅन्सर म्हणजे पेशींची बेसुमार वाढ, तेव्हा वाढ थांबवणारे विष तिथे कामाला आले. पण ते देताना दर वेळी रक्त तपासतात, वजन-उंचीचा हिशेब करून मात्रा ठरवतात, आणि तरीही पेशंटचे केस जातात. तिथल्या डोंगरातल्या माणसाने ती मुळी घरी उगाळून प्यावी, असे कोणी म्हणणार नाही. मग मार्गासनीच्या रानातली मुळी आपण का प्यावी?

आता ज्या गोष्टीसाठी ही मुळी मागवली जाते तिच्याकडे येऊ. नको असलेला गर्भ काढून घेणे हा १९७१ पासून कायद्याने मान्य असलेला उपचार आहे. २०२१ च्या दुरुस्तीनंतर वीस आठवड्यांपर्यंत एका नोंदणीकृत डॉक्टरचे मत पुरते. वीस ते चोवीस आठवड्यांच्या दरम्यान, कायद्यात सांगितलेल्या परिस्थितीत, दोन डॉक्टरांचे मत लागते. बाई अठरा वर्षांची पूर्ण असेल तर फक्त तिची संमती लागते. नवऱ्याची सही कायदा मागत नाही, सासूची तर नाहीच. अठराच्या आतली असेल तर पालकाची संमती लागते. लग्न झालेले नाही म्हणून नाकारता येत नाही. २९ सप्टेंबर २०२२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने वीस ते चोवीस आठवड्यांच्या तरतुदीतही अविवाहित बाईला धरले आहे. तिचे नाव गुप्त ठेवणे डॉक्टरवर बंधनकारक आहे. सरकारी रुग्णालयात हे होते. पहिल्या काही आठवड्यांत तर गोळ्यांनी होते, पण त्या गोळ्याही डॉक्टरने तपासून दिलेल्या हव्यात, मेडिकलच्या काउंटरवरून नाही. गर्भ नळीत असेल तर त्या गोळ्या उपयोगाच्या नसतात आणि आत रक्तस्राव होऊन बाई जाते.

आपल्या वाचकांना हे ठाऊक असावे : १० नोव्हेंबर १९३८ रोजी मुंबई विधानसभेत संततिनियमनाचा ठराव आला, तो बाबासाहेबांच्या वतीने पी. जे. रोहम यांनी मांडला होता. ठराव फेटाळला गेला. त्याआधी दहा वर्षे, जुलै १९२८ मध्ये, बाळंतपणाच्या भत्त्याच्या विधेयकावर बोलताना बाबासाहेबांनी बाळंतपणाआधी आणि नंतर आईला विश्रांती मिळणे राष्ट्राच्या हिताचे आहे आणि त्याचा भार सरकारने उचलावा, असे मांडले होते. किती मुले आणि कधी, हा प्रश्न त्यांनी बाईच्या प्रकृतीचा आणि राज्यकारभाराचा मानला. आपण तो कुजबुजीचा आणि मुळीचा का मानतो?

बाळंतपणाचेही तसेच. २०११ पासून जननी शिशु सुरक्षा कार्यक्रमात सरकारी रुग्णालयातले बाळंतपण, सिझेरियन, औषधे, रक्त, नेणे-आणणे मोफत आहे. कुठे पैसे मागितले तर पावती मागा. दिवस भरत आले की १०२ आणि १०८ हे दोन्ही नंबर भिंतीवर खडूने लिहून ठेवा. डोंगरातल्या वस्तीवर मोबाइलला रेंज नसते; कोणत्या टेकाडावर रेंज मिळते हे घरातल्या सगळ्यांना माहीत हवे. पावसात ओढा चढतो, गाडी अलीकडेच थांबते. आमच्या मते शेवटचे आठ-दहा दिवस बाईने रस्त्यालगतच्या नातेवाइकाकडे येऊन राहिलेले बरे. मार्गासनीसारख्या रस्त्यावरच्या गावातल्या वहिनींनी, मावश्यांनी एवढी जागा द्यावी.

विषबाधा केवळ या कारणाने होत नाही. कणगर, करांदे, कोनफळ काढायला रानात गेलेल्या माणसाच्या हाती चुकून हा कंद लागू शकतो. श्रीलंकेत लोकांनी रताळे समजून उकडून खाल्ला आणि दगावले, अशी नोंद आहे. उकडल्याने, भाजल्याने हे विष जात नाही. वेल ओळखल्याशिवाय कंद उकरू नये, आणि वेल वाळून गेली असेल तर त्या जागी उकरूच नये. लहान मुलांना त्याच्या शेंगेतल्या तांबड्या बियांचा मोह होतो, तेही सांगून ठेवा. हल्ली नर्सरीत हे फूल कुंडीत लावायला मिळते. वस्तीत दारासमोर डब्यात लावायचा विचार असेल तर आमचे मत स्पष्ट आहे : जिथे रांगती मुले आणि शेळ्या आहेत तिथे नको.

उवांसाठी पाल्याचा रस पोरींच्या डोक्याला चोळतात. खाजवून खाजवून डोक्याला जखमा झालेल्या असतात, त्यावर विषारी रस कशाला? बारीक फणी, ओले केस आणि दवाखान्यातले लोशन, घरातल्या सगळ्यांना एकाच दिवशी. साप-विंचवावर उगाळून लावतात, त्यानेही साप उतरत नाही, वेळ तेवढा जातो.

आणि कोणी जीव नकोसा होऊन खाल्ले असेल तर? तेव्हाही धावपळ तीच. “का खाल्लंस” हे त्या घटकेला विचारू नका, ओरडू नका. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याने अशा माणसाला गुन्हेगार न धरता तीव्र ताणाखाली असलेला धरले आहे. मन फार खचले असेल तर १४४१६ या टेलिमानस नंबरवर फोन करता येतो, पैसे लागत नाहीत, मराठीत बोलता येते.

कळलावी पोटात गेल्याची नुसती शंका असली तरी लक्षणांची वाट पाहू नका. त्रास सुरू व्हायच्या आधीचे तास सगळ्यांत मोलाचे. तोंडात उरलेले काढून चूळ भरायला लावा. मिठाचे पाणी पाजून, घशात बोटे घालून उलटी करवू नका. जुलाब थांबवायची गोळी देऊ नका. शुद्ध नसेल तर तोंडात काहीही घालू नका, कुशीवर झोपवा. १०८ बोलवा, गाडीला वेळ लागणार असेल तर मिळेल त्या गाडीने जवळच्या ग्रामीण रुग्णालयात जा, तिथून पुढे मोठ्या रुग्णालयात, पुण्यात ससूनला, पाठवतील. उरलेला कंद, साल, उगाळलेली सहाण जे असेल ते पिशवीत घालून बरोबर न्या. केव्हा खाल्ले, किती खाल्ले, दिवस गेले आहेत का, हे डॉक्टरांना पहिल्याच वाक्यात सांगा. “कळलावी” हा शब्द शहरातल्या तरुण डॉक्टरला कळला नाही तर “अग्निशिखा, कोल्चिसिनचे विष” असे म्हणा, कागदावर लिहून द्या. आणि तिसऱ्या दिवशी बरे वाटले तरी डॉक्टर रक्त तपासून सोडेपर्यंत पेशंटला घरी आणू नका.